वाकडी करंगळी

२ जून

चि. घुम्यास,
ताईचे आशीर्वाद.

पत्र लहान आहे म्हणून नाक मुरडू नकोस. वाचनालयाची दोनशे पुस्तकं बांधणीला येऊन पडली आहेत, खळीचं भांडं शेगडीवर आहे आणि मी उभ्या उभ्या लिहितेय. अक्षर कोंबडीनं पाय उमटवल्यासारखं दिसत असेल तर दोष या नव्या पेनचा. खालच्या औषधवाल्या काकांनी दिलं. त्याच्यावर कुठल्याशा खोकल्याच्या औषधाची जाहिरात आहे. पेनलाच खोकला झालाय बहुतेक.

तू अभ्यासाला लाग. एकवीस-बावीसला परीक्षा, म्हणजे हातात तीन आठवडेसुद्धा नाहीत. पुढच्या वर्षी चाळिशी ओलांडलीस की बॉयलरच्या मोठ्या परीक्षेला बसू देणार नाहीत, आणि मग त्या कागद कारखान्यात जन्मभर दुसऱ्याच्या सहीखाली वाफ मोजत बसशील.

फोन करू नकोस. रस्ता खोदल्यापासून काकांच्या दुकानातला फोन मुका झालाय. तसंही फोनवर आपण भांडण्यापलीकडे काय करतो? इकडे सगळं ठीक. मी ठणठणीत.

ताई


७ जून

ती. ताईस,
नमस्कार.

पत्र पोचलं. एकच पान, तेही अर्धं. किराणा मालाच्या यादीलासुद्धा तू दोन पानं घेतेस.

पेनचं मला सांगू नकोस. पेन वाईट असलं की शाई फुटते. अक्षरं डावीकडे कलत नाहीत. एकाही शब्दावर डोक्यावरची रेघ नाही. प्रत्येक ओळ शेवटाला जाताजाता खाली घसरली आहे. असं अक्षर मी आपल्या वडिलांचं पाहिलंय. अण्णांचा उजवा हात गेला त्यानंतर तीन वर्षं, अगदी जाईपर्यंत, ते मला डाव्या हातानं असंच लिहायचे. ती सगळी पत्रं माझ्याकडे आहेत. तुझं त्यांच्या शेजारी ठेवून बघितलं तर ओळखू येईना कुठलं कुणाचं.

अण्णांचंही असंच झालं होतं. अर्धांगाचा झटका यायच्या आधी आठ दिवस त्यांची बोटं बधिर होत होती आणि ते म्हणायचे, खळ गार होती म्हणून. झटक्याच्या आदल्या दिवसापर्यंत तेही ठणठणीत होते. आपल्या घरात ठणठणीत या शब्दाची मला भीती वाटते.

तेव्हा सरळ उत्तर दे. तोंड एका बाजूला ओढलं जातंय का? पाय नीट उचलतोय का? डॉक्टरांना दाखवलंस का? आणि उत्तर उजव्या हातानं लिही. चार ओळी पुरेत. मला दुसरं काही नको.

घुम्या


११ जून

चि. घुम्यास,
आशीर्वाद, आणि पाठीत एक धपाटा.

बॉयलरची वाफ तुझ्या डोक्यात गेली आहे. माझं तोंड जागच्या जागी आहे. काकांना विचार, त्यांच्या मते ते गरजेपेक्षा जास्तच चालतं. पायही दोन्ही उचलतात. दिवसातून दहा वेळा मी जिना चढते-उतरते. अण्णांचं वय झालं होतं, वर विड्या. मी त्रेचाळीस वर्षांची आहे आणि विडीच्या वासानंही मला मळमळतं. कुठलं कुठं नेऊन जोडतोस?

उजव्या हाताचं पाहिजे होतं ना? सोबत एक पान घातलंय, ते बघ. परवाच लिहून ठेवलं होतं, पाकिटात घालायचं राहिलं. ही चिठ्ठी पुन्हा घाईत उभ्यानं लिहितेय, म्हणून हिची तऱ्हा तशीच.

झालं समाधान? आता पुस्तक उघड. मला उलट पत्र लिहायचं नाही. परीक्षा झाल्यावर लिही.

ताई


१४ जून

ताई,

ते पान मी पाहिलं. अक्षर तुझं आहे, उजव्या हाताचं आहे, सुंदर आहे. परवाचं नाही.

तू बांधणीवाली असशील, पण मीही त्याच घरात वाढलो आणि कागदाच्या कारखान्यात नोकरी करतो. हा दुधी रंगाचा जाड कागद अण्णांनी कोर्टाच्या वह्यांसाठी आणला होता. त्याचा शेवटचा ताव अण्णा असतानाच संपला. पानाच्या चारही कडा पिवळ्या पडल्यात, म्हणजे ते कुठल्यातरी वहीत बरीच वर्षं पडून होतं. वरची कड, जिथं तारीख असते, ती फाडलेली आहे. ताई, तू कागद फाडत नाहीस. लहानपणी मी पतंगासाठी वर्तमानपत्र फाडलं म्हणून तू मला कान धरून पट्टी आणि सुरी आणायला लावली होतीस. तू कागद कापतेस. ज्याअर्थी तू तो फाडलास, त्याअर्थी तुझ्या उजव्या हातात सुरी धरण्याइतकीही ताकद नाही.

आणि पानाच्या मागच्या बाजूला लिहिलंय की मांजरीला तीन पिल्लं झाली. मांजर मरून दोन वर्षं झाली.

आता मी तुझं काही ऐकणार नाही. रजा मांडली आहे. एकोणीस तारखेच्या दुपारच्या गाडीचं तिकीट काढलंय. परीक्षेचं मागाहून बघू. मी येईपर्यंत जिन्यानं एकटी चढउतर करू नकोस.

घुम्या


१७ जून

घुम्या,

गाडीत बसू नकोस. आधी हे पूर्ण वाच. पोस्टावर भरवसा नाही म्हणून हे पाकीट काकांच्या औषधांच्या गाडीवाल्याबरोबर पाठवतेय. तो उद्या निघून परवा सकाळी तुझ्या गावात माल उतरवतो. त्याला तुझ्या खोलीचा पत्ता तीनदा पाठ करून घेतलाय.

माझं मनगट मुरगळलंय. बस, एवढंच. झटका नाही, बधिरपणा नाही, अण्णांचं काही नाही. नुसतं मनगट.

अठ्ठावीस मेला वाचनालयाची पहिली चाळीस पुस्तकं दाबायला बांधणीच्या प्रेसखाली ठेवली होती. तो लोखंडी दांडा तुला माहीतच आहे, अर्ध्यात अडकतो. अण्णा त्याला आधी तेल पाजायचे. मला कुठला धीर? मी दांड्याला सगळा भार देऊन लोंबकळले. तो सुटला आणि मी जमिनीवर. पडताना उजवा हात पुढे टेकला. बांगडीएवढी सूज बघताबघता भोपळ्याएवढी झाली. काकांनी बर्फ लावला आणि रिक्षात घालून दवाखान्यात नेलं. फोटो काढला, हाड शाबूत. आतले बंध ताणले गेलेत म्हणाले. तीन आठवडे आधारपट्टी, मग व्यायाम. दोन-तीन महिन्यांत हात पूर्वीसारखा होईल असं डॉक्टर म्हणाले, आणि ते चेष्टा करणाऱ्यातले दिसत नाहीत.

मग लपवलं का? तुला कळत नाही?

सहा वर्षांपूर्वी अण्णा पडले तेव्हा त्यांची वाचा शाबूत होती. खाटेवर पडल्या पडल्या त्यांनी मला बजावलं होतं, त्याला कळवू नकोस, त्याची परीक्षा होऊ दे. मी ऐकलं नाही. मी घाबरले. तशीच चपला न घालता पोस्टात गेले आणि तार केली. तार तुला परीक्षेच्या आदल्या दिवशी मिळाली आणि तू पेपर सोडून निघून आलास. तू आल्यानं अण्णांचा हात काही परत आला नाही. तुझी परीक्षा मात्र गेली, आणि मग घरच्या ओढाताणीत वर्षं गेली. त्या तारेची पावती माझ्याजवळ आहे. कपाट आवरताना दर वेळी हाताला लागते. तेव्हाच ठरवलं होतं, पुन्हा माझ्यामुळे असं होऊ द्यायचं नाही. त्यात मी इतकं बावळट खोटं बोलेन असं वाटलं नव्हतं. ती मांजर माझ्या ध्यानातच आली नाही. मागची बाजू कोण बघतं?

माझ्यावर विश्वास नाहीच, म्हणून सोबत हाताचा फोटो पाठवतेय, तो क्ष-किरणवाला. दोन पुठ्ठ्यांमध्ये घातलाय. नाडी डाव्या हातानं आणि दातांनी बांधली आहे, तेव्हा गाठीला हसू नकोस. दुसऱ्या कुणाचा हात असेल अशी शंका आली तर करंगळी बघ.

ताई

ता. क. खाली काकांनी स्वतः लिहिलंय.

चि. घुम्यास आशीर्वाद. तुमच्या भगिनींनी वर लिहिलेले सर्व सत्य आहे. हाड मोडलेले नाही. रक्तदाब मी स्वतः दोनदा मोजला, तो माझ्यापेक्षा उत्तम आहे. मी पहिल्या दिवसापासून म्हणत होतो की मुलाला खरे कळवा. मला शपथ घातली होती. हट्टीपणावर आमच्या दुकानात औषध नाही. परीक्षेस बसावे. पेन चांगले आहे.


२३ जून

ती. ताईस,
नमस्कार.

पहिल्यांदा एवढंच सांगतो, मी परीक्षा दिली. दोन्ही दिवस. आता बाकीचं.

एकोणीसला सकाळी मी बॅग भरून दाराशी ठेवली होती. कुलूप हातात होतं. तेवढ्यात तुझा गाडीवाला आला. पाठ केलेला पत्ता त्यानं मला पुन्हा म्हणून दाखवला आणि मगच पाकीट दिलं. मी पायरीवर बसून नाडी सोडली. फोटो खिडकीच्या काचेवर धरला.

करंगळी वाकडी होती. वरच्या पेरात, बाहेरच्या बाजूला.

ताई, माझ्या डोळ्यांसमोर सगळं उभं राहिलं. मी सात वर्षांचा, तू अकरा. अण्णा बाहेर गेलेले. तू प्रेसखाली हात घालून पुस्तकांची चळत सरळ करत होतीस आणि मी मजा म्हणून दांडा फिरवला, तुझी करंगळी सापडली. तू ओरडलीसुद्धा नाहीस. अण्णा आल्यावर म्हणालीस, माझाच हात राहिला मधे. मी भिंतीकडे तोंड करून उभा होतो. खरं सांगायचं होतं, पण तोंडातून शब्द फुटेना. नंतर तीन दिवस मी कुणाशीच बोललो नाही. तेव्हापासून मी घुम्या.

तेव्हा फोटोतली ती करंगळी पाहिली आणि पायरीवर बसल्या बसल्या मला रडू कोसळलं. घरमालकीणबाई पाणी घेऊन आल्या. मी त्यांना म्हटलं, माझ्या बहिणीचं मनगट मुरगळलंय. त्या म्हणाल्या, अगं बाई, मग एवढं रडायचं कशाला? मी म्हटलं, आनंदानं. त्यांनी माझ्याकडे विचित्र नजरेनं बघितलं.

आता जे लिहायचंय ते मी सहा वर्षांत कुणाला सांगितलं नाही.

रडून झाल्यावर पाच मिनिटांत मी धास्तावलो. का, तर आता परीक्षेला बसावं लागणार. बॅग भरताना मला तुझी काळजी होती, शपथेवर सांगतो, जीव अर्धा झाला होता. पण त्या काळजीच्या खाली कुठंतरी बरंही वाटत होतं. चला, या वेळीही सुटलो. आणि मग कळलं की हे बरं वाटणं माझ्या ओळखीचं आहे. सहा वर्षांपूर्वी तुझी तार आली तेव्हाही असंच वाटलं होतं. तेव्हा माझा अभ्यास झाला नव्हता. अर्धं पुस्तक मी उघडलंही नव्हतं. नापास होणार हे मला माहीत होतं. गाडीत खिडकीशी बसून मी अण्णांसाठी रडत होतो, आणि त्याच वेळी मनात म्हणत होतो, आता मला कुणी नापास म्हणणार नाही.

तू तार केली नसतीस तरी मी ती परीक्षा पास झालो नसतो. तुझ्यामुळे माझं काही गेलेलं नाही. तू स्वतःला बोल लावत होतीस हे मला या पत्रापर्यंत ठाऊक नव्हतं. ठाऊक असतं तर आधीच सांगितलं असतं, असं लिहिणार होतो. पण तसं लिहिणं खोटं होईल. थोडंफार ठाऊक होतं. सांगायची लाज वाटली. लोक म्हणायचे, बापासाठी पोरानं परीक्षा सोडली. ऐकायला बरं वाटायचं.

तोंडी परीक्षेत विचारलं, पाण्याच्या काचेत पातळी दिसेनाशी झाली तर पहिल्यांदा काय कराल? मी म्हटलं, पहिल्यांदा घाबरून थंड पाणी सोडणार नाही. जाळ बंद करीन. साहेबांनी मान हलवली. होकाराची होती की नकाराची ते कळलं नाही.

फोटो अजून खिडकीला लावलेला आहे.

घुम्या


९ जुलै

घुम्या,

आशीर्वाद देण्याच्या मनःस्थितीत नाही.

तुझं पत्र सव्वीसला आलं. आधारपट्टी निघून चार दिवस झाले होते. पट्टी सुटली तेव्हा इतकं हलकं वाटलं होतं की मी दवाखान्याच्या पायऱ्या उड्या मारत उतरले. व्यायामवाल्या बाईंनी कोमट पाण्यात हात बुडवून तळवा वर, तळवा खाली, एवढंच करायला सांगितलं होतं. जड काही उचलायचं नाही, पिळायचं नाही, दांड्याच्या वाटेला जायचं नाही. बाई माझ्या निम्म्या वयाच्या आहेत पण बोलतात अशा की समोरचा आपोआप सरळ बसतो.

तुझं पत्र मी दोनदा वाचलं. मग उठले, प्रेसपाशी गेले आणि रागानं दांडा गरागरा फिरवला. उजव्याच हातानं. सूज परत, कळ परत, पट्टी परत. बाईंनी विचारलं, कशानं झालं? मी म्हटलं, भावाचं पत्र आलं. त्यांनी वहीत काय लिहिलं देव जाणे. पंधरा दिवस वाढवून दिलेत. एवढे दिवस गप्प होते ते हाताच्या दुखण्यानं नाही. डावा हात आता तयार झालाय, हे तुला दिसतंच आहे. डोक्यावरच्या रेघासुद्धा देते. गप्प होते ते रागानं.

सहा वर्षं, घुम्या! सहा वर्षं मी कपाट उघडलं की ती पावती बघून मनात कुढत होते. तू कारखान्यातून पत्र पाठवायचास, "काम तेच, पगार तोच", की मी ताट तसंच सारून उठायचे. अण्णा गेले तेव्हा त्यांची माफी मागितली मी, तुझ्या परीक्षेसाठी! आणि साहेब गाडीत खिडकीशी बसून सुटल्याचा आनंद करत होते.

हे सगळं मी काकांनाही सांगितलं. ते शांतपणे गोळ्या मोजत राहिले आणि म्हणाले, म्हणजे तुम्ही दोघंही एकमेकांना वाचवायला खोटं बोलता आणि दोघंही पकडले जाता, मग हा उद्योग बंद का करत नाही? मला त्यांचाही राग आला. पेन परत देणार होते.

काल सकाळी मात्र एक झालं. कोमट पाण्यात हात घालून बसले होते. बाईंचं घड्याळ दहा मिनिटं म्हणतं, तेवढा वेळ करायला दुसरं काही नसतं. तुझी ती ओळ आठवली, लोक म्हणायचे, ऐकायला बरं वाटायचं. आणि मला एकदम हसू फुटलं. पाणी सांडलं. तू लहानपणी आजारी नसताना पोट धरून झोपायचास आणि गोड औषध मिळालं की गालातल्या गालात हसायचास, अगदी तोच चेहरा समोर आला. हसता हसता लक्षात आलं की मला बरं वाटतंय. म्हणजे माझी तार तुझ्या आड आलीच नव्हती. नुसती एक तार होती. बाप पडल्यावर मुलीनं भावाला केलेली.

राग अजून आहे. पण तो आता हातभर लांब आहे. निकाल लागला की कळव. नापास झालास तरी कळव, पण खरं कळव.

ताई


२ ऑगस्ट

ती. ताईस,
नमस्कार.

पास.

आज सकाळी फलकावर यादी लागली. मी खालून वर वाचत गेलो, कारण वरून वाचायची हिंमत नव्हती. माझा क्रमांक खालून पाचवा निघाला, त्यामुळे लवकर सापडला. साहेब म्हणाले, लेखीत जेमतेम, तोंडीत चांगले. पहिल्या तारखेपासून दोन नंबरच्या बॉयलरच्या रोजनाम्यावर माझी सही.

तुझ्या नऊ जुलैच्या पत्राला उत्तर द्यायला उशीर केला. रोज लिहायला बसायचो आणि काय लिहावं ते सुचायचं नाही. चुकलो म्हटलं तर ते फार छोटं वाटतं. तू रागावलीस त्याचं मला वाईट वाटलं नाही. उलट पहिल्यांदा वाटलं की आता आपल्यात काही दडलेलं उरलं नाही. मात्र दांडा फिरवलास त्याचं वाईट वाटलं. दांड्याला आधी तेल घाल. आम्ही कारखान्यात वापरतो त्या तेलाची लहान बाटली पाठवतोय. त्याबरोबर जुन्या पॅकिंगच्या रबराची एक गोल चकती घासून गुळगुळीत केली आहे. तळहातात धरून दाबायला. बाईंना आधी विचार. त्यांनी परवानगी दिली तरच दाब.

करंगळीबद्दल अण्णांना खरं सांगायचं राहिलं. तुला सांगतो. दांडा मी फिरवला होता.

घुम्या


२४ ऑगस्ट

चि. घुम्यास,
ताईचे पोटभर आशीर्वाद.

अक्षर बघ. नीट बघ. वाटल्यास भिंग आण, कागदाची कड तपास, मागची बाजू वाच. मागे काही नाही, मांजरही नाही. हे उजव्या हाताचं आहे आणि आजचं आहे. एका दमात लिहिता येत नाही अजून. चार-पाच ओळी झाल्या की हात खाली ठेवून बोटं उघडझाप करते, म्हणून हे पत्र परवापासून चाललंय. पण रेघा पाहिल्यास? एकही घसरलेली नाही.

तुझा निकाल आला तेव्हा मी काकांच्या दुकानात होते. फोन आदल्याच दिवशी जिवंत झाला होता, पण तू लिहिलंस हे बरं केलंस. फोनवर मी नुसती किंचाळले असते. काकांनी खोकल्याच्या गोळ्या वाटल्या, दुसरं गोड काही दुकानात नव्हतं. व्यायामवाल्या बाईंनाही सांगितलं. त्यांनी तुझी चकती उलटसुलट करून पाहिली, दाबून पाहिली, आणि म्हणाल्या, अशा आणखी दोन मिळतील का, इतर पेशंटना हव्यात. तेव्हा साहेबांना मस्का लाव.

गेल्या सोमवारी बाईंनी काम करायला परवानगी दिली. हलकं, आणि रोज तासभर. वाचनालयाच्या लोकांनी थांबायचं कबूल केलं आहे. त्यांच्या पुस्तकांना हात लावायच्या आधी मी तुझं काम केलं. बॉयलरचा रोजनामा. दोनशे चाळीस पानं, जुजबंदीची शिवण, पानांची प्रत्येक घडी दोऱ्यानं शिवून जोडलेली, कारण बॉयलरपाशी ती वही रोज उघडली-मिटली जाणार आणि नुसत्या चिकटवलेल्या पानांचा तिथं निभाव लागणार नाही. दाभण धरताना पहिल्या दिवशी हात थरथरला. तिसऱ्या दिवशी थरथरला नाही. पाठीवर कापड काळं घातलंय, तुझ्या काजळीच्या हातांचा विचार करून. दांड्याला तेल घातलं, दोन बोटांनी फिरला. सहा वर्षं मी त्याच्याशी झटापट करत होते, आणि त्याला हवं होतं चमचाभर तेल.

एक शिवण वाकडी गेली आहे, तिसऱ्या घडीत. उसवणार होते, मग राहू दिली. त्या दिवशीच्या हाताची ती आठवण.

आता एक गोष्ट सांगून ठेवते, कारण आपलं ठरलंय की दडवायचं नाही. वहीच्या पुढच्या पुठ्ठ्यावर आतून जो निळा कागद लावलाय, त्याच्याखाली ती तारेची पावती आहे. खळ लावून बसवली आणि वरून निळा कागद ओढला. बोट फिरवलंस तर किंचित उंचवटा लागेल. माझ्याकडे ती ठेवायचं काही कारण उरलं नाही, आणि फेकवेना. आता ती तुझ्या सहीच्या वहीत आहे, तिथं ती शोभते.

आणि करंगळीचं. अण्णांना माहीत होतं. त्या दिवशी त्यांनी माझं बोट बांधताना तुझ्याकडे एकदा पाहिलं होतं आणि मला हळूच म्हणाले होते, त्याला काही बोलू नकोस, तो आधीच घाबरलाय. तू भिंतीकडे तोंड करून उभा होतास म्हणून तुला दिसलं नाही.

वही काल प्रेसमधून काढली आहे, कडा अजून थोड्या दमट आहेत. पोचल्यावर दोन दिवस जड वजनाखाली ठेव, मग उघड आणि पहिली सही कर.

ताई